पूर्वेकडचे व्हायकिंग: चांदी, नद्या आणि साखळदंडातली माणसं

स्वीडनच्या गॉटलंड बेटावर स्पिलिंग्स नावाच्या शेतात १९९९ साली जमिनीखाली चांदी सापडली, तब्बल ६७ किलो. कडी, वाकवलेल्या सळ्या, तोडलेले तुकडे आणि १४ हजारांच्या वर नाणी. व्हायकिंग काळातला चांदीचा एवढा मोठा साठा आजवर दुसरीकडे कुठे मिळालेला नाही. पण वजन राहू दे बाजूला, ती नाणी बघा, कारण ती जवळजवळ सगळी अरबी आहेत, खलिफांच्या राज्यात पाडलेले दिरहम, ज्यांच्यावर अल्लाचं नाव, टांकसाळीचं गाव आणि हिजरी साल कोरलेलं असतं. त्यातलं एक नाणं तर असं आहे की त्यावर 'मुसा रसूल अल्लाह' लिहिलंय, म्हणजे मोझेस हा देवाचा प्रेषित. हे नाणं खझारांचं, व्होल्गा नदीच्या खालच्या भागात ज्यांचं राज्य होतं आणि ज्यांच्या राज्यकर्त्यांनी ज्यू धर्म घेतला होता.

मग बाल्टिक समुद्रातल्या बेटावरच्या एका वावरात हे सगळं आलं कुठून? या एका प्रश्नाचं उत्तर शोधत गेलं की पूर्व युरोपातल्या व्हायकिंगांचा अख्खा इतिहास उलगडत जातो, आणि तो आपल्याला माहीत असलेल्या लुटालुटीच्या इतिहासापेक्षा बराच वेगळा आहे.

आपल्याला माहीत असतात ते पश्चिमेकडे गेलेले व्हायकिंग, ७९३ मध्ये इंग्लंडच्या किनाऱ्यावरचा लिंडिसफार्नचा मठ लुटणारे, पॅरिसला वेढा घालणारे. ते मुख्यतः डेन्मार्क आणि नॉर्वेकडचे. स्वीडनचा किनारा मात्र पूर्वेकडे तोंड करून आहे, तिथून बाल्टिक ओलांडला की समोर एस्टोनिया, फिनलंड आणि मग रशियाचं जंगल. तिकडे लुटायला श्रीमंत मठ नव्हते, मोठी शहरं नव्हती. होतं ते फक्त जंगल, दलदल आणि नद्या. पण जंगलात फर होती, आणि नद्या जिथे जाऊन मिळत होत्या तिथे चांदी होती.

सुरुवात किती जुनी आहे त्याचा पुरावा एस्टोनियाच्या सारेमा बेटावर साल्मे गावात मिळाला. २००८ साली रस्त्याच्या कामासाठी खोदताना कामगारांना हाडं लागली, आणि पुढे खणल्यावर तिथे दोन होड्या निघाल्या, त्यात मिळून ४१ पुरुष पुरलेले. एका होडीत तर ते लाकडं रचावीत तसे एकावर एक ओळीनं ठेवलेले होते. तलवारी, शिकारी पक्षी, कुत्रे, खेळायच्या सोंगट्या, सगळं बरोबर. एकाच्या तोंडात पटावरच्या राजाची सोंगटी ठेवलेली होती. पुढे डीएनए तपासला तेव्हा कळलं की यातले चार जण सख्खे भाऊ होते. दातांच्या तपासणीतून समजलं की ही माणसं मध्य स्वीडनमधल्या मेलारेन तळ्याच्या भागातली. आणि काळ साधारण ७५०, म्हणजे लिंडिसफार्नच्या ४० वर्षं आधी! एका आईचे चार मुलगे एका होडीत. हे वाचल्यापासून माझ्या डोक्यातून ते जात नाही.

त्याच सुमाराला थोडं पुढे, फिनलंडच्या आखातातून नेव्हा नदी, मग प्रचंड मोठं लाडोगा तळं, आणि तळ्याला मिळणारी व्होल्खोव नदी, तिच्या काठावर एक बाजारपेठ उभी राहिली. आज तिला स्टाराया लाडोगा म्हणतात, व्हायकिंग तिला अल्देग्युबोर्ग म्हणायचे. तिथल्या घरांच्या लाकडांवरच्या वर्तुळांवरून झाड कुठल्या वर्षी तोडलं ते काढता येतं, आणि सगळ्यात जुनी लाकडं ७५३ च्या आसपासची निघाली. इथे लोहारकामाची हत्यारं मिळाली, काचेचे मणी मिळाले, आणि महत्त्वाचं म्हणजे हे एकट्या स्वीडिश लोकांचं गाव नव्हतं, इथे फिन, बाल्ट, स्लाव सगळे एकत्र राहत होते. तलवार घेऊन येऊन काबीज केलेलं गाव वाटत नाही हे, धंद्यासाठी जमलेली माणसं वाटतात.

आता धंदा कसला ते समजून घेऊ. ७६२ मध्ये खलिफानं बगदाद वसवलं आणि बघता बघता ते जगातल्या मोठ्या शहरांपैकी एक झालं. तिथे पैसा होता, आणि पैसा म्हणजे चांदी. मध्य आशियात ताश्कंदच्या भागात आणि अफगाणिस्तानातल्या पंजशीर खोऱ्यात चांदीच्या खाणी होत्या, पुढे दहाव्या शतकात तिकडच्या सामानी राजांनी तर अक्षरशः ढिगानं दिरहम पाडले. उत्तरेकडे मात्र चांदीची एकही म्हणण्यासारखी खाण तेव्हा चालू नव्हती. त्यामुळे बगदादच्या श्रीमंतांना जे हवं ते उत्तरेकडे आणि उत्तरेला जे हवं ते बगदादकडे असा मामला होता. बगदादला हवी होती सेबलची, बीव्हरची, काळ्या कोल्ह्याची फर, मध, मेण, तलवारी. आणि गुलाम.

या गुलामांबद्दल स्पष्ट बोलायला हवं, कारण बऱ्याच ठिकाणी 'फर आणि गुलाम' असं एका दमात लिहून पुढे जातात, जणू दोन्ही एकाच जातीचा माल. जंगलातल्या स्लाव, फिन, बाल्ट लोकांच्या वस्त्यांवर धाड घालायची, तरुण मुलंमुली पकडायच्या, नदीनं खाली आणायच्या आणि विकायच्या. स्लाव लोक इतक्या संख्येनं विकले गेले की युरोपातल्या कितीतरी भाषांत गुलामाचा शब्दच 'स्लाव'पासून आला, इंग्रजीतला स्लेव्ह हा त्यातलाच. गॉटलंडच्या जमिनीत जी चांदी चमकते तिच्यातला बराच भाग म्हणजे कुणाच्या तरी मुलीची किंमत आहे.

चांदी घेताना हे लोक नाण्यावर काय लिहिलंय ते बघत नसत, वजन बघत. खिशात मावेल अशी घडीची पितळी ताजवी आणि छोटी वजनं, ही व्यापाऱ्यांच्या थडग्यांत कायम सापडतात. नाणं खोटं नाही ना हे बघायला सुरीनं कडेला चीर मारायची, आत तांबं दिसलं तर माल खोटा. एकेका नाण्यावर अशा तीनतीन चारचार चिरा असतात, म्हणजे तितक्या वेळा कुणीतरी संशयानं ते तपासलंय. सुट्टे नसले तर नाणंच कापायचं, हातातलं कडं तोडायचं. कडी ही दागिना पण होती आणि पैशाचं पाकीट पण.

आणि या रस्त्यांवरून फक्त चांदीच आली असं नाही. स्वीडनमध्ये मेलारेन तळ्यातल्या हेल्गो बेटावर १९५० च्या दशकात उत्खननात काशाची एक छोटी बुद्धमूर्ती मिळाली, जेमतेम ८ सेंटीमीटर उंच, कमळावर बसलेली. ती घडवली गेली आपल्या उपखंडाच्या वायव्येला, स्वात-काश्मीरच्या पट्ट्यात, सहाव्या शतकाच्या आसपास. एका हातातून दुसऱ्या हातात, एका बाजारातून दुसऱ्या बाजारात असं करत करत ती एवढ्या लांब पोचली, आज स्टॉकहोमच्या म्युझियममध्ये आहे.

रस्ता कसा होता ते सांगतो, कारण या सगळ्या इतिहासाची किल्ली भूगोलात आहे. रशियाच्या पश्चिमेला वाल्दाई नावाचा उंचवट्याचा भाग आहे, फार उंच नाही, पण तिथे आसपास नद्यांची उगमं एकमेकांच्या जवळजवळ आहेत. काही नद्या उत्तरेला बाल्टिककडे जातात, व्होल्गा पूर्वेला जाऊन कॅस्पियन समुद्राला मिळते, नीपर दक्षिणेला काळ्या समुद्राला. म्हणजे लाडोगाहून होडीनं वर वर यायचं, नदी संपत आली की होडी पाण्याबाहेर काढायची, ओंडक्यांवरून ओढत ढकलत जमिनीवरून न्यायची आणि पलीकडच्या नदीत सोडायची. अशा जागेला स्लाव भाषेत 'व्होलोक' म्हणतात, ओढणे या अर्थाच्या शब्दावरून, आणि रशियात आजही व्होलोकोलाम्स्क वगैरे गावांच्या नावात तो शब्द आहे. यामुळेच समुद्रात चालवायची ती लांबलचक जहाजं इथे उपयोगाची नव्हती, लहान हलक्या होड्या लागत. शिवाय ओढायला, वाट दाखवायला, खायला द्यायला स्थानिक माणसं लागत. एकट्याच्या जोरावर हा रस्ता कुणालाच पार करता आला नसता, त्यामुळे पहिल्या दिवसापासून या लोकांना तिथल्या लोकांशी कुठलं ना कुठलं नातं जोडावंच लागलं.

या लोकांना तिकडे 'रुस' म्हणू लागले. बहुतेक अभ्यासकांच्या मते हा शब्द वल्हवणे या अर्थाच्या जुन्या नॉर्स, म्हणजे व्हायकिंगांच्या भाषेतल्या, शब्दावरून आला, फिनिश लोकांनी समुद्रापलीकडून वल्हवत येणाऱ्यांना जे नाव दिलं त्यातून, आणि फिनिश भाषेत आजही स्वीडनला 'रुओत्सी' म्हणतात. म्हणजे रशिया आणि बेलारुस या दोन्ही देशांच्या नावात मुळात वल्हं मारणारी माणसं आहेत! ८३९ साली फ्रँकांचा बादशहा लुई याच्या दरबारात कॉन्स्टँटिनोपलहून (आजचं इस्तंबूल) वकील आले, त्यांच्याबरोबर काही अनोळखी लोक होते, ते स्वतःला 'रोस' म्हणवत आणि आपल्या राजाला 'खाकान' म्हणत. लुईला शंका आली, हेर तर नाहीत ना म्हणून त्यानं चौकशी केली तर निघाले स्वीडिश. खाकान ही पदवी मात्र तुर्की, खझारांकडून उचललेली. म्हणजे ८३९ मध्येच हे लोक निम्मे तिकडचे होऊन बसले होते.

पुढची गोष्ट रशियन आणि युक्रेनी शाळांत सगळ्यांना शिकवतात ती. बाराव्या शतकाच्या सुरुवातीला कीव्हमध्ये साधूंनी एक बखर लिहिली, तिच्यात म्हटलंय की उत्तरेकडच्या टोळ्यांनी आधी या परक्यांना हाकललं, मग आपापसांत भांडू लागले, आणि शेवटी ८६२ साली समुद्रापलीकडे निरोप पाठवला की आमचा मुलूख मोठा आहे, संपन्न आहे, पण त्यात व्यवस्था नाही, या आणि राज्य करा. मग रुरिक आणि त्याचे दोन भाऊ आले. रुरिकनंतर ओलेगनं ८८२ मध्ये कीव्ह घेतलं आणि तिथून राज्य सुरू झालं. ही बखर घटनेनंतर अडीचशे वर्षांनी लिहिलेली आहे, त्यामुळे ती शब्दशः खरी धरायची नसते, वंशाची मुळं थोर दाखवायला अशा कथा सगळीकडेच रचल्या जातात.

पण या एका गोष्टीवरून केवढं रामायण झालं! १७४९ मध्ये सेंट पीटर्सबर्गच्या अकादमीत म्युलर नावाच्या जर्मन इतिहासकारानं भाषण तयार केलं की रुस म्हणजे स्कँडिनेव्हियातले लोक, तर लोमोनोसोव, जो रशियाचा सगळ्यात मोठा शास्त्रज्ञ, तो संतापला, हा आमचा अपमान आहे म्हणाला, आणि भाषणावर बंदी आली. पुढे सोव्हिएत काळात तर रुस मुळात स्लावच असं म्हणणं जवळजवळ सक्तीचं झालं, आणि दुसरीकडे नाझींनी उलट्या टोकाला जाऊन स्लावांना स्वतःचं राज्य करताच येत नाही हे सिद्ध करायला हीच कथा वापरली. दोन्ही बाजूंनी इतिहासाचे हाल केले. जमिनीतून जे निघालं ते मात्र शांतपणे वेगळंच सांगतं. स्मोलेन्स्कजवळ ग्न्योझ्दोवोला हजारो थडग्यांच्या टेकड्या आहेत, तिथे स्कँडिनेव्हियन बायका खांद्यावर जोडीनं लावत त्या कासवाच्या पाठीसारख्या फुगीर पिना मिळतात, म्हणजे नुसते पुरुष आले नव्हते, बायका आल्या होत्या, संसार मांडले होते. आणि त्याच गावात स्लाव पद्धतीची मडकी, कॉन्स्टँटिनोपलच्या बायझंटाइन साम्राज्याची नाणी, अरबी दिरहम. मला विचाराल तर 'हे कुणाचं गाव' हा प्रश्नच चुकीचा आहे.

या रुस लोकांना डोळ्यांनी बघून लिहून ठेवणारा माणूस म्हणजे इब्न फदलान. बगदादच्या खलिफानं ९२१ मध्ये व्होल्गाकाठच्या बुल्गार राजाकडे वकिलात पाठवली, त्यात हा होता, आणि ९२२ मध्ये त्याला नदीकाठी तळ टाकून बसलेले रुस व्यापारी दिसले. खजुराच्या झाडासारखे उंच, गोरे-लाल, असे देखणे लोक मी पाहिले नाहीत असं लिहितो, आणि लगेच पुढे लिहितो की इतके घाणेरडे पण पाहिले नाहीत, सकाळी एकाच पातेल्यातल्या पाण्यात सगळे तोंड धुतात, त्यातच नाक शिंकरतात आणि तेच पाणी पुढच्याला देतात. नमाजाआधी दिवसाला पाच वेळा वजू, म्हणजे हातपाय-तोंड धुणाऱ्या माणसाला किळस येणारच. नवऱ्याकडे १० हजार दिरहम झाले की तो बायकोला गळ्यात एक कडं करतो, २० हजार झाले की दोन, असंही त्यानं नोंदवलंय. लाकडी देवापुढे व्यापारी काय मागतो तेही, की देवा, भरपूर दिनार-दिरहमवाला गिऱ्हाईक पाठव जो मी म्हणेन तो भाव देईल.

आणि मग तो त्यांच्या एका सरदाराचं दहन बघतो. सरदार मेला, दहा दिवस त्याला तात्पुरतं पुरून ठेवलं, कपडे शिवून घेतले. त्याच्या दासींना विचारलं कोण बरोबर मरणार, एक म्हणाली मी, आणि एकदा म्हटल्यावर मागे फिरायची सोय नव्हती. शेवटच्या दिवशी तिला दाराच्या चौकटीसारख्या एका सांगाड्यावर तीन वेळा उचललं. पहिल्यांदा ती म्हणाली, मला माझे आईवडील दिसतायत. दुसऱ्यांदा म्हणाली, माझे मेलेले सगळे नातेवाईक बसलेले दिसतायत. तिसऱ्यांदा, माझा धनी हिरव्यागार स्वर्गात बसलाय, तो मला बोलावतोय. मग तिला दारू पाजली, ती गोंधळली, सरदाराचं प्रेत ठेवलेल्या होडीवरच्या तंबूत जायला तयार होईना, तर एक म्हातारी, जिला ते मृत्यूची देवदूत म्हणत, तिनं तिचं डोकं धरून आत ढकललं. बाहेर पुरुष काठ्यांनी ढाली बडवत राहिले, तिचा आवाज इतर मुलींना ऐकू जाऊ नये म्हणून. नंतर होडी पेटवली, वारा सुटला, तासाभरात राख झाली. एक रुस इब्न फदलानच्या दुभाष्याला म्हणाला, तुम्ही अरब वेडे आहात, आपल्या माणसाला मातीत पुरता, किडे खातात, आम्ही एका क्षणात जाळून स्वर्गात पाठवतो. राखेवर माती लोटली, मध्ये खांब रोवला, त्यावर सरदाराचं नाव लिहिलं आणि रुसांच्या राजाचं नाव लिहिलं. त्या मुलीचं नाव लिहिलं नाही. पण पहिल्यांदा वर उचलल्यावर तिला आईवडील दिसले, एवढं तरी एका परक्या माणसानं अकराशे वर्षांपूर्वी लिहून ठेवलं.

व्होल्गाचा हा रस्ता चांदीचा. दुसरा रस्ता नीपरचा, तो कीव्हवरून कॉन्स्टँटिनोपलला जाणारा, रेशमाचा. त्या शहराला व्हायकिंग 'मिक्लागार्द' म्हणत, म्हणजे मोठं शहर. ८६० मध्ये रुसांनी होड्यांचा ताफा घेऊन त्याच्यावर अचानक हल्ला केला आणि अख्खं शहर हादरलं. पुढे मात्र तह झाले, आणि ते तह वाचायला फार मजा येते. बखरीतल्या ९०७ च्या तहात रुसांतर्फे ज्यांची नावं आहेत ते कार्ल, फार्लोफ, वेर्मुद असे सगळे स्कँडिनेव्हियन नावाचे, पण बखर सांगते की शपथ घेतली ती पेरुनच्या नावानं, म्हणजे स्लावांच्या गडगडाटाच्या देवाच्या. अटी पण बघा: रुस व्यापाऱ्यांनी शहराबाहेर ठरलेल्या भागात राहायचं, एकाच दरवाजानं, एका वेळी ५० जणांनीच, हत्यार न घेता आत यायचं. बदल्यात त्यांना सहा महिने पाव, दारू, मांस, मासे, फळं मिळणार, पाहिजे तेवढ्या अंघोळी करता येणार, आणि परत जाताना शिडं, दोर, नांगर बादशहाच्या खर्चानं.

हा प्रवास कसा व्हायचा ते बायझंटाइन बादशहा सातवा कॉन्स्टंटाइन यानं ९५० च्या सुमाराला स्वतःच्या मुलासाठी लिहिलेल्या ग्रंथात तपशिलात दिलंय. नोव्हेंबरात राजे आणि त्यांची माणसं कीव्हमधून मुलुखगिरीला निघायचे, स्लाव टोळ्यांकडून खंडणी गोळा करत आणि त्यांचंच खात हिवाळा काढायचे. त्याच हिवाळ्यात स्लाव लोक जंगलात झाडं कोरून होड्या करत, बर्फ वितळला की कीव्हला आणून विकत. जूनमध्ये सगळा तांडा खाली निघायचा. आणि मग यायचे नीपरचे खडकाळ टप्पे, जिथे नदी खडकांवरून आदळत फेसाळत जायची. एकूण सात टप्प्यांची नावं बादशहा देतो, आणि बहुतेकांची दोन दोन नावं देतो, एक 'रुस' भाषेतलं, एक स्लाव भाषेतलं. रुस भाषेतली बहुतेक नावं स्वच्छ जुनी नॉर्स आहेत. म्हणजे ९५० मध्ये नीपरवरचा एखादा नावाडी अजून स्वीडनची भाषा बोलत होता, हा सगळ्यात पक्का पुरावा, आणि तो 'रुस कुठले' या भांडणात कुठलाही हितसंबंध नसलेल्या माणसानं दिलेला.

पहिल्या टप्प्याचं नाव 'झोपू नको'. तिथे माणसं होडीतून उतरायची, कपडे काढून पाण्यात शिरायची आणि उघड्या पायांनी खडक चाचपत, काहीजण पुढून, काही मधून, काही मागून लांब काठ्यांनी होडी रेटत काठाकाठानं न्यायची. चौथा टप्पा सगळ्यात भयंकर, त्याचं नाव आइफोर. तिथे सगळा माल उतरवायचा, माळावरच्या घोडेस्वार पेचेनेग टोळ्या हल्ला करतील म्हणून पहारा लावायचा, होड्या ओढत किंवा खांद्यावर घेऊन न्यायच्या आणि गुलामांना साखळदंडात सहा मैल चालवायचं. बादशहा हे एका ओळीत सांगून टाकतो. मी मात्र त्या ओळीशी थांबतो, कारण तो जून महिना आहे, गवताळ माळ आहे, शेजारी नदीचा गडगडाट आहे, आणि विकायला चाललेली माणसं तो आवाज ऐकत चालतायत. आइफोरचं नाव गॉटलंडच्या एका दगडावरही कोरलेलं आहे, रावन नावाच्या भावासाठी, जो त्या प्रवासात परत आला नाही.

टप्पे संपले की खोर्तित्सा बेटावर एका प्रचंड ओक वृक्षाखाली जिवंत कोंबडे अर्पण करायचे, सुटलो म्हणून. आज ते खडक दिसत नाहीत, १९३२ मध्ये धरण झालं आणि सगळं पाण्याखाली गेलं, पण शेजारच्या शहराचं नाव आहे झापोरिझ्झिया, म्हणजेच 'खडकाळ टप्प्यांच्या पलीकडचं'. युद्धाच्या बातम्यांत हे नाव आपण इतक्यांदा ऐकतो. आणि नदीच्या मुखाशी बेरेझान बेटावर १९०५ मध्ये एक दगड सापडला, त्यावर व्हायकिंगांच्या रुन लिपीत लिहिलंय की ग्रानीनं आपला भागीदार कार्ल याच्यासाठी हे थडगं केलं. बस एवढंच. भागीदारीत धंदा करायला निघालेले दोघे, त्यातला एक परत गेला.

राजांची गोष्ट थोडक्यात सांगतो. नावांतच सगळं दिसतं. ओलेग म्हणजे हेल्गी, त्याच्यानंतरचा इगोर म्हणजे इंगवार, इगोरची बायको ओल्गा म्हणजे हेल्गा. इगोर ९४५ मध्ये द्रेव्हलियन टोळीकडून खंडणी घेऊन निघाला, वाटेत वाटलं अजून थोडी मिळेल, परत फिरला, आणि त्यांनी त्याला ठार केलं. ओल्गानं त्याचा भयंकर सूड घेतला असं बखर सांगते, पण राज्यकर्ती म्हणून तिचं मोठं काम वेगळंच आहे, तिनं खंडणी ठरावीक केली, ती भरायची ठाणी नेमून दिली, लुटीचं रूपांतर वसुलीत केलं. आणि तिनं आपल्या मुलाचं नाव ठेवलं स्व्यातोस्लाव. अस्सल स्लाव नाव. ९७१ मध्ये हा स्व्यातोस्लाव डॅन्यूबवर बायझंटाइन बादशहाला भेटायला आला त्याचं वर्णन एका ग्रीक इतिहासकारानं केलंय: होडीत इतरांबरोबर स्वतः वल्हं मारत आला, डोळे निळे, डोकं तासलेलं आणि एका बाजूला केसांची एक बट, कानात दोन मोती आणि माणिक असलेली बाळी, कपडे इतरांसारखेच पांढरे, फक्त जास्त स्वच्छ. वल्हं आजोबांचं, नाव शेजाऱ्यांचं, केस माळावरच्या घोडेस्वारांसारखे. परतीच्या वाटेवर, ९७२ मध्ये, त्याच नीपरच्या खडकांपाशी पेचेनेगांनी त्याला गाठून मारलं.

त्याचा मुलगा व्लादिमीर भावांच्या भांडणात आधी स्कँडिनेव्हियात पळाला, तिथून भाडोत्री सैनिक घेऊन आला, कीव्ह जिंकलं, आणि मग तेच सैनिक पैसे मागायला लागल्यावर त्यातले बरेच कॉन्स्टँटिनोपलकडे पाठवून दिले. थोड्याच वर्षांनी बादशहा दुसरा बेसिल बंडानं अडचणीत आला तेव्हा व्लादिमीरनं ६ हजार माणसं दिली, बादशहाच्या बहिणीशी लग्न केलं आणि ९८८ मध्ये ख्रिस्ती झाला. या सैनिकांतूनच बादशहाचं व्हॅरँगियन अंगरक्षक दल उभं राहिलं, कुऱ्हाडी घेऊन उभे राहणारे. कॉन्स्टँटिनोपलच्या हागिया सोफिया चर्चमधल्या वरच्या सज्जाच्या संगमरवरी कठड्यावर त्यांच्यातल्या कुणीतरी रुन अक्षरांत नाव कोरलंय, त्यातलं 'हाल्फदान' एवढंच वाचता येतं. लांबलेल्या प्रार्थनेत उभा राहून कंटाळलेला एक तरुण असेल.

व्लादिमीरच्या मुलाच्या, म्हणजे यारोस्लावच्या काळात वर्तुळ जवळजवळ पूर्ण झालं. त्याची बायको स्वीडनची राजकन्या इंगेगेर्द, जावई नॉर्वेचा हाराल्ड, जो आधी यारोस्लावच्या पदरी, मग कॉन्स्टँटिनोपलच्या दलात नोकरी करून गडगंज होऊन परत आला आणि शेवटी १०६६ मध्ये इंग्लंडात लढाईत मेला. पण यारोस्लावचा कायदा स्लाव भाषेत, पूजा स्लाव भाषेत, पोरांची नावं बहुतेक स्लाव. स्वीडनहून येणारे आता पाहुणे होते. दीड-दोनशे वर्षांत एक भाषा त्या नद्यांत विरघळून गेली, रशियन भाषेत जेमतेम मूठभर शब्द उरले. राजवंश मात्र चालला, मॉस्कोच्या गादीवरची त्यांची मुख्य शाखा थेट १५९८ मध्ये संपली, आणि व्लादिमीरच्या नाण्यांवरचं त्रिशूळासारखं चिन्ह आज युक्रेनचं राजचिन्ह आहे.

चांदीचं काय झालं? दहाव्या शतकाच्या शेवटी दिरहमांमधली चांदी कमी होत गेली, मग दिरहम यायचेच बंद झाले. व्होल्गाचा रस्ता ओस पडला. तरीही १०४० च्या आसपास स्वीडनमधून इंगवार नावाचा एक तरुण म्होरक्या मोठा ताफा घेऊन पूर्वेला निघाला, जुन्या दिवसांतलं सोनं-चांदी अजून तिकडे असेल या आशेनं. त्यातले फारच थोडे परत आले. मध्य स्वीडनमध्ये त्यांच्या आठवणीत उभारलेले २६ च्या आसपास दगड आहेत. त्यातला ग्रिप्सहोमचा दगड तोला नावाच्या बाईनं आपल्या मुलासाठी, इंगवारचा भाऊ हाराल्डसाठी, उभारला. त्यावर लिहिलंय की ते मर्दासारखे सोन्यासाठी दूर गेले, पूर्वेला त्यांनी गरुडाला खाऊ घातलं (म्हणजे शत्रू मारले) आणि दक्षिणेला सेर्कलंडमध्ये मेले. सेर्कलंड म्हणजे मुसलमानांचा मुलूख. पुढे कित्येक वर्षं तोलाचा तो दगड ग्रिप्सहोमच्या किल्ल्यात उंबरठा म्हणून बसवलेला होता, लोक त्याच्यावरून येत-जात होते. आता तो बाहेर काढून किल्ल्याजवळ उभा केलाय, मेलारेन तळ्याच्या काठाला, साल्मेच्या होड्या ज्या पाण्यावरून निघाल्या होत्या त्याच तळ्याच्या.